अकराच्या मागं

राम, अंगणातला बल्ब बंद कर. किडे लय जमायलेत. आन् सविता, तू मधी ये. तिकडं पायरीवर एकटी बसू नको.

तुमाला खरी गोष्ट पाहिजे म्हणालात, तर खरी सांगतो. माझ्या अंगावर आलेली न्हाई. शिवकांतअप्पाच्या अंगावर आलेली हाय, आन् त्यानं ती मला सोता सांगितली. शिवकांतअप्पा म्हणजे राणीसावरगावात स्टँडजवळ बी-खताचं दुकान हाय, तो. राम, तू माझ्यासंगं आलतास एकदा तिथं युरिया आणायला. गोरा, ठेंगणा, गळ्यात लिंगाची चांदीची डबी.

दोन हजार चोवीसचा जून. मी सोयाबीनच्या बियाच्या चार बॅगा आणायला त्याच्याकडं गेलो. पेरणीचे दिवस, दुकानापुढं माणसावर माणूस. आन् काउंटरवर कोण, तर अनुपमावहिनी, त्याची बायको. पावत्या फाडायल्या, माल काढून द्यायल्या, सगळं एकटीच. मी इचारलं, अप्पा कुठं? त्यांनी नुसती मागं मान केली.

आत गोदामात, खताच्या थप्पीला पाठ लावून शिवकांतअप्पा बसलेला. ऐन हंगामात, भर दुपारी.

"अप्पा, तब्येत बरी न्हाई का?"

"बरी हाय. बसा, माणिकराव."

"गिऱ्हाइकं वाट पाहायलीत बाहेर."

"लायनीत उभी हायत का?"

"हाव."

"म्हणूनच आत बसलोय," म्हणला.

मी त्याच्यापुढं एका पोत्यावर बसलो. हा माणूस भिणाऱ्यातला न्हाई, बरं का. रात्री दोन-दोन वाजता परभणीच्या मोंढ्यातून माल भरून एकटा टेम्पो घेऊन येणारा. तो असा पाठीला आधार धरून बसलेला पाहून मलाच कसंतरी झालं. मग त्यानं सांगितलं. बॅगा दुकानातच ऱ्हायल्या त्या दिवशी. मी घरी आलो ते अंधार पडल्यावर.

बियाणाच्या कंपन्या दुकानदारांना सहलीला नेतात, माहीत हाय ना तुमाला? ठरवलेला माल खपवला की विमानानं फिरवून आणतात. त्या वर्षी बाली बेटावर होती. तिकडं, समुद्रापलीकडं, इंडोनेशियात. आपल्या जिल्ह्यातले अकरा दुकानदार निवडले. त्यात एक आपला शिवकांतअप्पा. एक पूर्णेचा हरिओम, शेतकी शिकलेला, इंग्रजी चांगलं. आन् एक पेडगावचा परमेश्वर.

हा परमेश्वर म्हणजे अप्पाचा जानी दोस्त. दुकानं निघायच्या आधी दोघं एकाच कंपनीत कामाला होते. एकाच मोटारसायकलवर सहा वर्षं गावोगाव फवारणीच्या औषधाच्या बाटल्या घेऊन फिरले. परमेश्वराची आई कडूबाई, तिच्या हातची भाकर अप्पानं किती खाल्ली त्याची गिनती न्हाई. परमेश्वर हसरा माणूस. कुठंबी बसंल, कोणाशीबी बोलंल. बसस्टँडवर अनोळखी माणसाला इचारंल, काय पाव्हणं, पाऊसपाणी काय म्हणतंय.

सहलीच्या तिसऱ्या रात्री डोंगर चढायचा होता. ज्वालामुखी. जागृत, म्हणजे आतून विझलेला न्हाई. वरच्या तोंडातून वाफ निघती, दगडं गरम असतात. रात्री वाटाड्यासंगं चढायचं आन् वर बसून सूर्य उगवताना पाहायचा, ह्यासाठी जगातून माणसं येतात तिथं.

मे महिन्याची सतरा तारीख, शुक्रवार. हॉटेलातून गाडी निघाली रात्री एकला, म्हणजे अठरा लागलेली. आपली वैशाख शुद्ध दशमी. पायथ्याला पोचले तवा तीन वाजलेले. चंद्र मावळून गेलेला.

वाटाड्याचं नाव केतुत. पन्नाशीचा, काटक, पायात साधी रबरी चप्पल. त्यानं एकेकाला कपाळाला बांधायची बॅटरी दिली, आन् हरिओमला इंग्रजीत सांगितलं तो कायदा असा. एकामागं एक चालायचं. वाट सोडायची न्हाई. मी शिट्टी वाजवली की पुढच्यानं एक म्हणायचं, त्याच्या मागच्यानं दोन, असं शेवटापर्यंत. कोणत्याबी भाषेत म्हणा, मी आकडे मोजीन.

अप्पाचा गुडघा जुना दुखावलेला. म्हणून तो सगळ्यात मागं. अकरावा. त्याच्या पुढं परमेश्वर, दहावा.

सुरुवातीला वाटेनं वावरंच होती. टमाट्याची, मिरचीची. अकराच्या अकरा बॅटऱ्या पानांवर. परमेश्वरानं एक पान उलटं करून पाह्यलं. "करपा हाय रे अप्पा. आपलं औषध इथं लय खपंल." सगळे हसले. शिट्टी वाजली. एक, दोन, तीन... शाळेतल्या कवायतीवानी. शेवटी अप्पानं मोठ्यानं अकरा म्हणलं. पुढून केतुतची बॅटरी दोनदा हालली. म्हणजे बराबर हाय.

वावरं संपली. झाडी लागली, ती बी संपली. मग नुसती काळी रेती आन् ठिसूळ दगडं. दोन पावलं वर टाकली की एक खाली घसरायचं. वारा सुटला. बोलणं बंद झालं, नुसता दम टाकल्याचा आवाज. वास यायला लागला गंधकाचा. तो वास अप्पाला पाठ. गोदामात गंधकाची बॅग फुटली की येतो, तोच.

दुसरी शिट्टी झाली.

पुढून आकडे यायला लागले. सात. आठ. नऊ. परमेश्वर म्हणला, दहा. अप्पा म्हणला, अकरा.

"बारा."

अप्पा दोन पावलं तसाच चालला. आधी ध्यानातच आलं न्हाई. आकड्यामागं आकडा आला, कानाला बराबर वाटलं. मग पाय थांबले.

त्याच्या मागं कोणी नव्हतं ना.

त्यानं वळून पाह्यलं. बॅटरीच्या उजेडात रेती. तिच्यात त्याच्याच पावलांच्या खुणा. त्याच्या खाली अंधार, आन् लय खाली कुठंतरी गावातले दिवे.

"परमेश्वर, तू बोललास का आत्ता?"

"काय?"

"काई न्हाई. चल."

त्यानं मनाची समजूत काढली. घुमला असंल आवाज. पण घुमलेला आवाज अकरा म्हणंल ना... बारा कसा म्हणंल? आन् बोली आपल्याकडली. त्यानं मला म्हणून दाखवलं, माणिकराव, असं म्हणला बघा तो, बा लांबवून. आपल्या रानातला माणूस म्हणतो तसं. वय झालेल्या माणसाचा आवाज. दमलेला नव्हता. चढावर सगळ्यांच्या छातीचा भाता झालेला, आन् ह्या आवाजाला दम न्हाई.

सविता, भ्यायलीस का? मग ऐक.

अर्धा तास गेला. अप्पाच्या मानेवर एकसारखं कोणीतरी पाहायलंय असं वाटायचं. वळून पाहावं तर कोणी न्हाई. न वळावं तर चालणं होईना. गळ्यातली डबी मुठीत धरून तो चालायला लागला.

तिसरी शिट्टी.

दहा.

अकरा.

"बारा."

आता कानाशी. उजव्या कानाशी, असं बोटभर अंतर ठेवून.

अप्पा मला म्हणला, माणिकराव, मी वरडायला पाहिजे होतं. तिथंच. वाटाड्याला थांबवायला पाहिजे होतं. पण जीभ उचलंना. आन् मग जीभ उचलली ती कशासाठी, ऐका.

त्यानं परमेश्वराला हाक मारली. "परमेश्वर, गुडघा लय दुखायलाय माझा. मला पुढं घे. तू मागं ये."

गुडघा दुखत नव्हता त्या वक्ताला. गुडघ्याची शुद्ध कोणाला होती?

परमेश्वर म्हणला, "ये की. त्यात काय." बाजूला सरकला, अप्पाला पुढं घेतलं, वर त्याच्या पाठीवरची पिशवी बी काढून आपल्या खांद्याला अडकवली. का, तर गुडघ्यावर वजन नको.

हे सांगताना अप्पा थांबला. बाहेर वहिनी कोणाला तरी बी दाखवायल्या होत्या.

मग म्हणला, "मी त्याला सांगितलं न्हाई, माणिकराव. मागं काय हाय ते मी सांगितलं न्हाई."

चौथी शिट्टी. आता आकडे सरकलेले. दहा, अप्पा म्हणला. अकरा, परमेश्वर म्हणला.

"बारा."

परमेश्वर हसला. "कोण हाय रे मागं?"

अप्पानं वळून पाह्यलं न्हाई. मान ताठ ठेवून पुढच्याच्या टाचांवर उजेड धरला आन् चालत ऱ्हायला. आन् मागून त्याला परमेश्वराचं बोलणं ऐकू यायला लागलं. हळू आवाजात. एका माणसाशी बोलावं तसं.

"हाव... पेडगावचाच."

मग जरा खामोशी. कोणीतरी इचारायलंय, आन् हा ऐकायलाय, एवढा वेळ.

"औंदा बरं म्हणायचं... न्हाई, हळद न्हाई करत आमी... आई हाय. बायको हाय. दोन लेकरं."

परत खामोशी.

"ये की एकदा. ये, ये."

इचारणारा काई ऐकू यायचा न्हाई. नुसती उत्तरं. मधी वारा.

अप्पाला वाटलं, वळावं. हाताला धरावं दोस्ताच्या. लय वाटलं. पण वळलो आन् ते दिसलं तर? पाय चालत ऱ्हायले. एक वळण झालं. दुसरं झालं. कडा जवळ आला. डाव्या हाताला डोंगराचं तोंड, आतून वाफ यायलेली, पांढरी, गरम. बॅटरीचा उजेड तिच्यात शिरायचा आन् तिथंच मरायचा. पुढचा माणूस दिसंना. मागचं बोलणं... कवा थांबलं, त्याला कळलं न्हाई.

पाचवी शिट्टी.

सहा.

सात.

आठ.

नऊ.

"दहा," अप्पा म्हणला.

...

मागून काई न्हाई.

...

"बारा."

तवा तो वळला.

मागं बॅटरी नव्हती. परमेश्वर नव्हता. नुसती वाफ.

अप्पाच्या तोंडून जो आवाज निघाला, तो ऐकून केतुत वरून पळत आला. रेतीवर घसरत, बसत. त्यानं पहिलं काय केलं, तर सगळ्यांना खाली बसवलं आन् खांद्याला हात लावून मोजलं. मनातल्या मनात. ओठ हालले न्हाईत त्याचे. दहा माणसं. मग त्यानं हरिओमला काईतरी सांगितलं. हरिओम म्हणला, "हा म्हणतोय, आकडा म्हणू नका आता. त्याला नावानं बोलवा. घरात त्याची आई ज्या नावानं बोलावती, त्या नावानं."

ते नाव दहा माणसांत एकट्या अप्पाला माहीत. कडूबाई चुलीपुढून हाक मारायची ती.

"परमूऽऽ"

वाफ सरकली. परत आली.

"परमूऽऽ... ए परमू..."

"काय?"

डाव्या हातानं आला आवाज. डोंगराच्या तोंडाच्या बाजूनं. वाट सोडून पंचवीस-तीस पावलं. केतुतनं सगळ्यांना हातानं दाबून बसवलं आन् सोता पोटावर पडून सरकत गेला. अप्पा त्याच्या मागं, तसाच पोटावर. कोणी सांगितलं नव्हतं. त्याला आता मागं कोण हाय ह्याची फिकीर उरली नव्हती.

परमेश्वर उभा होता. बॅटरी बंद. दोन्ही पिशव्या पाठीला. जिथं उभा होता तिथं जमीन संपलेली. एका पायाची टाच रेतीवर, चवडा हवेत. डावा हात जरा पुढं केलेला, कोणाच्या तरी हातात दिल्यावानी. खाली पाहिलं तर वाफ, आन् वाफेच्या आत कुठंतरी दगडं पडायचा आवाज.

केतुतनं खालून त्याचा पाय कवटाळला. अप्पानं पिशवीचा पट्टा धरला आन् मागं लोळण घेतली. तिघं बी रेतीवर आले. अप्पाचे दोन्ही कोपर सोलून निघाले. दगडं गरम होती तिथली.

परमेश्वर उठून बसला. भ्यालेला न्हाई. उलट चिडलेला. "कामून वरडायलात एवढं? मी वाटेवरच होतो की. हे पाव्हणे म्हणले, इकडून जवळ पडतं."

"कोण पाव्हणे?" अप्पानं इचारलं.

परमेश्वरानं शेजारी पाह्यलं. मग दुसऱ्या शेजारी.

"शिट्टी झाली तवा तू बोलला का न्हाईस?"

"मी बोलणारच होतो," परमेश्वर म्हणला. हळूच. आता त्याचं त्यालाच समजायला लागलेलं. "त्यांनीच सांगितलं. तू दमलास, तू गप ऱ्हा. तुझा आकडा मी देतो."

मग मात्र तो थरथर कापायला लागला. सूर्य उगवेपर्यंत कापत होता.

सूर्य उगवला, हो. लय चांगला उगवला म्हणतात. खाली तळं, समोर दुसरा डोंगर, ढग पायाखाली. बाकीच्या टोळीतले गोरे लोक टाळ्या वाजवायले. हे अकरा जण एकमेकाच्या हाताला धरून बसलेले. केतुतचा जोडीदार आधीच वर येऊन चहा करायलेला. तो कप घेऊन आला, कोणी घेतला न्हाई.

हरिओमनं केतुतला इचारलं, हे काय होतं? त्यानं शिट्टी खिशात टाकली. मग म्हणला, माझी आई म्हणायची, अंधारात डोंगरावर माणसं मोठ्यानं मोजायची न्हाईत. पण आमच्या साहेबांचा नियम हाय, म्हणून मोजतो.

"पण आवाज आमच्या बोलीतला होता," हरिओम म्हणला. "इथं आमच्या बोलीचं कोण असणार?"

केतुत म्हणला, "तुमी तुमच्या बोलीत मोजलं."

एवढंच. उतरताना त्यानं शिट्टी वाजवली न्हाई.

मुंबईच्या विमानात अप्पा न् परमेश्वर शेजारी शेजारी. सगळे झोपलेले. तिथं अप्पानं सांगून टाकलं. दोनदा ऐकलं होतं, गुडघा दुखत नव्हता, सगळं. परमेश्वर खिडकीतून बाहेर पाहत होता. बाहेर काई दिसत नव्हतं.

मग म्हणला, "नुसतं सांगितलं असतंस, अप्पा. मी म्हणलो असतो, चल, दोघं शेजारी चालू."

त्यानंतर भांडण न्हाई, काई न्हाई. फोन केला तर परमेश्वर उचलतो. बरा हायस का, म्हणतो. पण पहिल्यावानी न्हाई. अप्पा पेडगावला दोनदा गेला. एकदा कडूबाईनं भाकर वाढली आन् इचारलं, तुमचं दोघांचं काय बिनसलंय रे? अप्पा भाकर तशीच ठेवून उठला. तवापासून त्याला मागं माणूस उभं ऱ्हायलेलं चालत न्हाई. देवळात चालत न्हाई, बँकेत चालत न्हाई. पाठीला भिंत लागती, न्हाईतर खताची थप्पी. रात्री झोपतो तो बी भिंतीला पाठ लावून, असं वहिनी सांगतात.

मी म्हणलं, "अप्पा, हवा इरळ असती वर. दमलेल्या माणसाला भास होतात. दोघांना एकदम बी होऊ शकतात."

म्हणला, "मी बी तेच म्हणायलोय मनाला. महिना झाला."

आन् मग त्यानं मोबाइल काढला.

डोंगराच्या पायथ्याला एक टपरी हाय. तिथं वही ठेवलेली असती. उतरून आलेल्यानं तिच्यात सही करायची, म्हणजे वर कोणी अडकलं न्हाई, हे त्यांना समजतं. ह्या अकरांनी सह्या केल्या. परमेश्वरानं सगळ्यात शेवटी केली, आन् सगळे गाडीत जाऊन बसले. हरिओमची टोपी टपरीवर ऱ्हायली, ती आणायला अप्पा एकटा माघारी गेला. वही उघडीच होती. केतुत तिच्यापुढं उभा होता, हात न लावता. त्यानं अप्पाकडं पाह्यलं. अप्पानं वहीचा फोटो काढला. केतुतनं वही मिटली.

तो फोटो मी पाह्यलाय. ह्या डोळ्यांनी. गोदामाच्या दारात उजेडाला येऊन, चष्मा पुसून पाह्यला.

अकरा सह्या. काही इंग्रजीत, काही आपल्या मराठीत. परमेश्वराची सगळ्यात खाली, वाकडीतिकडी.

आन् तिच्या खाली... बाराव्या ओळीत... अंगठा. डाव्या हाताचा. काळ्या राखेत बुडवून, नीट दाबून उठवलेला. आपल्याकडली न शिकलेली जुनी माणसं उठवायची, तसा. रेघ न् रेघ दिसायली. कडेनं कागद जरासा करपलेला.

ती वही वर चढणाऱ्यांची न्हाई, राम.

उतरून घराकडं निघालेल्यांची हाय.